अल्गोल : ग्रहण लागणारा तारा

तारे आणि ग्रह यांतला फरक शिकवताना आपण वर्गात एक ठरावीक वाक्य सांगतो : तारे लुकलुकतात, ग्रह लुकलुकत नाहीत. हे लुकलुकणे ताऱ्याचे नसून आपल्या डोक्यावरच्या हवेचे असते, हेही आपण पुढे सांगतो. हवेच्या पलीकडे गेलेल्या अंतराळवीराला तारे स्थिर तेजाने तळपताना दिसतात. त्यामुळे मुलांचा असा समज होतो की ताऱ्याचे स्वतःचे तेज कधी बदलतच नाही. बहुसंख्य ताऱ्यांच्या बाबतीत, निदान माणसाच्या आयुष्याच्या मापाने, हे खरेही आहे. परंतु काही ताऱ्यांचे तेज काही तासांत, काही दिवसांत किंवा काही महिन्यांत स्पष्ट जाणवेल इतके कमीजास्त होते. त्यांना रूपविकारी तारे म्हणतात.

अशा ताऱ्यांतला एक तारा कोणत्याही उपकरणाशिवाय, शाळेच्या गच्चीवरून पाहता येतो. ययाती तारकासमूहातला हा तारा म्हणजे अल्गोल. आपल्याकडील काही तारानकाशांत त्याला मायावती असेही नाव दिलेले असते. एरवी तो दुसऱ्या प्रतीचा ठळक तारा असतो. पण दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी तो मंद होऊ लागतो, सुमारे पाच तासांत त्याचे तेज एक-तृतीयांशाहून थोडे कमी होते आणि पुढच्या पाच तासांत तो पूर्ववत होतो. मग पुन्हा जवळजवळ अडीच दिवस त्याच्यात डोळ्यांना जाणवेल असा काहीही फरक पडत नाही.

असे का बरे होत असावे? या प्रश्नाचे उत्तर शोधताना माणसाला ताऱ्यांचे वजन करण्याची युक्ती सापडली. तारे म्हातारे कसे होतात याविषयीच्या आपल्या समजुतीची कठोर परीक्षाही याच ताऱ्याने घेतली. ती हकीकत शिक्षकांना वर्गात अनेक ठिकाणी वापरता येईल.

यॉर्कचा मुलगा

अल्गोल हे नाव अरबी आहे. त्याचा अर्थ 'राक्षसाचे डोके' असा. ग्रीक कथेत पर्सियस या वीराने मेड्युसा नावाच्या राक्षसीचे डोके कापून हातात धरले आहे, आणि हा तारा त्या डोक्याच्या जागी येतो. हे नाव ताऱ्याच्या बदलत्या तेजामुळे पडले की केवळ कथेमुळे, यावर पुष्कळ तर्क केले गेले आहेत. त्यांत सर्वमान्य असा पुरावा मात्र नाही. या ताऱ्याच्या तेजात फरक पडतो अशी नोंद इटलीतील जेमिनियानो मोंतानारी याने सतराव्या शतकात केली. पण हा फरक नियमित आहे, त्याला वेळापत्रक आहे, हे त्याच्या लक्षात आले नव्हते.

ते लक्षात आले जॉन गुडरिक या मुलाच्या. त्याचा जन्म १७६४ साली हॉलंडमधील ग्रोनिंगेन येथे एका इंग्रज कुटुंबात झाला. अगदी लहानपणी झालेल्या आजारामुळे त्याला ऐकू येत नसे. एडिंबरो येथे टॉमस ब्रेडवुड यांची बहिऱ्या मुलांसाठी शाळा होती. तेथे आणि नंतर वॉरिंग्टन येथे त्याचे शिक्षण झाले. गणितात त्याला विशेष गती होती. पुढे इंग्लंडमधील यॉर्क या गावी एडवर्ड पिगट हा आकाशनिरीक्षणाचा नाद असलेला शेजारी त्याला भेटला आणि दोघे मिळून रूपविकारी ताऱ्यांच्या नोंदी करू लागले.

१२ नोव्हेंबर १७८२ च्या रात्री अल्गोल नेहमीपेक्षा बराच मंद असल्याचे गुडरिकला दिसले. त्याने एका रात्रीच्या पाहण्यावर विसंबून न राहता पुढे सहा महिने, हवा निरभ्र असेल त्या प्रत्येक रात्री नोंदी ठेवल्या. शेजारच्या कोणत्या ताऱ्यापेक्षा अल्गोल तेजस्वी आहे, कोणत्यापेक्षा मंद आहे, एवढेच तो लिहीत असे. या साध्या नोंदींवरून त्याने तेज कमी होण्याचा आवर्तकाल काढला. त्याच्या आणि आजच्या आकड्यांत काही मिनिटांचाच फरक आहे. १७८३ च्या मे महिन्यात त्याचे पत्र लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे वाचले गेले आणि त्याच वर्षी सोसायटीचे मानाचे कॉप्ली पदक त्याला मिळाले. तेव्हा त्याचे वय एकोणीस वर्षांचे होते.

पत्रात गुडरिकने या घटनेची दोन संभाव्य कारणे दिली होती. एक, अल्गोलभोवती एखादी मोठी काळोखी वस्तू फिरत असावी आणि दर फेरीला ती आपल्या आणि ताऱ्याच्या मध्ये येत असावी. दोन, ताऱ्याच्या एका बाजूला मोठे डाग असावेत आणि तारा स्वतःभोवती फिरताना ती डागाळलेली बाजू ठरावीक वेळाने आपल्याकडे येत असावी.

येथे वर्गात थोडे थांबावे आणि मुलांना विचारावे : या दोहोंपैकी कोणते कारण अधिक पटते, आणि का? डाग असलेला तारा फिरत असेल तर डाग एका काठाकडून दुसऱ्या काठाकडे सरकेल. म्हणजे तेज कमी होण्याचा काळ पूर्ण फेरीच्या मानाने बराच मोठा असायला हवा. येथे तर सुमारे ६९ तासांच्या फेरीत जेमतेम १० तास तेज कमी होते. यावरून पहिले कारण जास्त संभवनीय वाटते. पण संभवनीय वाटणे म्हणजे सिद्ध होणे नव्हे. त्या काळच्या दुर्बिणींतून अल्गोल एकटाच दिसे. सोबती कुठे आहे याचे उत्तर कोणापाशी नव्हते, आणि दोन्ही शक्यता पुढे शंभर वर्षे तशाच राहिल्या.

गुडरिकने १७८४ साली आणखी दोन रूपविकारी तारे शोधले : स्वरमंडळातील बीटा आणि वृषपर्वा समूहातील डेल्टा. एप्रिल १७८६ मध्ये रॉयल सोसायटीने त्याला सभासद म्हणून निवडले. त्यानंतर चारच दिवसांनी तो वारला. त्याला बाविसावे वर्ष चालू होते.

वर्णपटाची साक्ष

निकाल लागला तो १८८९ साली, जर्मनीतील पोट्सडाम वेधशाळेत. तेथे हेरमान फोगेल यांनी अल्गोलच्या प्रकाशाचा वर्णपट घेतला.

ताऱ्याचा प्रकाश वर्णपटदर्शकातून पाहिला की रंगांच्या पट्ट्यावर काही काळ्या रेषा दिसतात. तारा आपल्यापासून दूर जात असेल तर या रेषा तांबड्या टोकाकडे किंचित सरकतात. जवळ येत असेल तर जांभळ्या टोकाकडे. हाच डॉप्लर परिणाम. आगगाडी शिट्टी वाजवीत जवळ येताना तिचा स्वर चढा आणि दूर जाताना उतरलेला ऐकू येतो, तोच प्रकार प्रकाशाच्या बाबतीत होतो.

आता समजा, गुडरिकची पहिली कल्पना बरोबर आहे. दोन तारे एकाच गुरुत्वमध्याभोवती फिरत आहेत. मंद तारा तेजस्वी ताऱ्याच्या पुढ्यात येण्याआधी मागून पुढे, म्हणजे आपल्या दिशेने येत असेल. त्या वेळी तेजस्वी तारा बरोबर उलट, आपल्यापासून दूर जात असला पाहिजे. ग्रहण संपल्यावर मंद तारा मागे जाऊ लागेल आणि तेजस्वी तारा आपल्याकडे येऊ लागेल. डागांची कल्पना खरी असेल तर ताऱ्याने असे मागेपुढे जाण्याचे कारणच नाही.

फोगेल यांना नेमके हेच दिसले. तेज कमी होण्यापूर्वी अल्गोल दूर जात होता आणि नंतर जवळ येत होता. न दिसणाऱ्या सोबत्याची साक्ष दिसणाऱ्या ताऱ्याच्या चालीने दिली. अल्गोल ही ताऱ्यांची जोडी आहे, आणि त्या जोडीच्या फिरण्याची पातळी योगायोगाने जवळजवळ आपल्या दृष्टिरेषेत आहे, हे सिद्ध झाले. अशा ताऱ्यांना ग्रहणकारी किंवा पिधानकारी युग्मतारे म्हणतात.

हे दोन तारे इतके जवळ आहेत, आणि आपल्यापासून सुमारे ९० प्रकाशवर्षे इतके दूर आहेत, की त्यांना वेगवेगळे पाहणे म्हणजे नऊशे किलोमीटरवरून एक सेंटिमीटर लांबीच्या शेंगदाण्याची दोन टोके वेगळी ओळखण्यासारखे आहे. अमेरिकेतील माउंट विल्सनवर दूरदूर ठेवलेल्या अनेक दुर्बिणींचा प्रकाश एकत्र आणून हे शेवटी साधले. या जोडीच्या प्रत्यक्ष प्रतिमा तेथील शास्त्रज्ञांनी २०१२ साली प्रसिद्ध केल्या. गुडरिकच्या त्या रात्रीला तेव्हा २३० वर्षे होत होती.

प्रकाश-आलेख कसा वाचावा

आडव्या अक्षावर वेळ आणि उभ्या अक्षावर तेज घेऊन काढलेल्या आलेखाला प्रकाश-आलेख म्हणतात. अल्गोलचा आलेख म्हणजे जवळजवळ सपाट मैदान आणि मध्येच एक खोल खड्डा. बारकाईने मोजले तर दोन खड्ड्यांच्या बरोबर मध्ये आणखी एक अगदी उथळ खड्डा सापडतो. तो एक-दशांश प्रतीपेक्षाही कमी असल्यामुळे नुसत्या डोळ्यांना जाणवत नाही. या दोन खड्ड्यांतून बरेच काही कळते.

पहिली गोष्ट, खोल खड्डा कोणता? येथे मुलांची हटकून चूक होते. मोठा तारा झाकला गेला की तेज जास्त कमी होते, असे ते म्हणतात. पण नीट विचार करा. फेरी वर्तुळाकार असेल तर दोन्ही ग्रहणांत एका ताऱ्याच्या बिंबाचे जेवढे क्षेत्रफळ दुसऱ्यामागे दडते ते सारखेच असते. फरक पडतो तो दडलेल्या पृष्ठभागाच्या झळाळीचा. जो तारा अधिक तापलेला, त्याचे ग्रहण अधिक खोल. अल्गोलच्या तेजस्वी ताऱ्याच्या पृष्ठभागाचे तापमान सुमारे १३,००० केल्विन आहे आणि मंद ताऱ्याचे सुमारे ४,५००. समान क्षेत्रफळातून बाहेर पडणारी ऊर्जा तापमानाच्या चौथ्या घातावर अवलंबून असते. हे गुणोत्तर काढले तर ते सत्तरच्या आसपास येते! म्हणजे तेजस्वी ताऱ्याचा एक चौरस मीटर मंद ताऱ्याच्या सत्तर चौरस मीटरच्या बरोबरीचा आहे. पहिले ग्रहण ठसठशीत आणि दुसरे जेमतेम, ते यामुळे.

दुसरी गोष्ट, खड्ड्याचा तळ. एक तारा दुसऱ्याच्या मागे संपूर्ण दडला तर काही काळ तेज बदलत नाही आणि तळ सपाट दिसतो. अल्गोलच्या खड्ड्याचा तळ निमुळता आहे. म्हणजेच त्याचे ग्रहण खंडग्रास आहे.

तिसरी गोष्ट, दोन खड्ड्यांमधले मैदान. दुसऱ्या ग्रहणाच्या अगोदर ते किंचित वर चढत जाते. याचे कारण, मंद ताऱ्याची तेजस्वी ताऱ्याकडची बाजू उजळून निघालेली असते आणि तो तेजस्वी ताऱ्याच्या पलीकडे जाऊ लागला की ती बाजू आपल्याकडे वळते. चंद्राच्या कला असतात तसाच काहीसा हा प्रकार आहे.

ताऱ्यांचे वजन

आता या जोडीचे वस्तुमान काढून पाहू. अकरावी-बारावीच्या विद्यार्थ्यांना हे गणित सहज जमते.

वर्णपटावरून तेजस्वी ताऱ्याचा वेग सेकंदाला सुमारे ४४ किलोमीटर मिळतो. मंद ताऱ्याच्या रेषा तेजस्वी ताऱ्याच्या झगमगाटात इतक्या हरवलेल्या असतात की त्या सापडायला १९७८ साल उजाडले. त्याचा वेग सेकंदाला सुमारे १९४ किलोमीटर येतो. दोहोंचा एकमेकांच्या सापेक्ष वेग झाला २३८ किलोमीटर.

एका फेरीचा काळ सुमारे २,४७,७०० सेकंद. वेग आणि काळ यांचा गुणाकार म्हणजे फेरीचा परीघ, त्याला ६.२८ ने भागले की दोन ताऱ्यांमधले अंतर मिळते. ते येते सुमारे ९४ लाख किलोमीटर. पृथ्वी आणि सूर्य यांच्यातील अंतर एक मानले तर हे ०.०६३ इतके आहे. सूर्य आणि बुध यांच्यातील सरासरी अंतराचाही हा सहावा हिस्साच!

केप्लरच्या तिसऱ्या नियमानुसार अंतराच्या घनाला काळाच्या वर्गाने भागले की दोहोंचे मिळून वस्तुमान सूर्याच्या पटीत मिळते. काळ वर्षांत घ्यायचा. तो येथे ०.००७८५ वर्ष आहे. भागाकार सुमारे ४ येतो. म्हणजे दोघांचे मिळून वस्तुमान चार सूर्यांएवढे आहे. त्याची वाटणी वेगांच्या व्यस्त प्रमाणात होते, कारण जड जोडीदार हळू आणि हलका जोडीदार वेगाने फिरतो. यावरून तेजस्वी तारा सुमारे सव्वातीन सूर्यांएवढा आणि मंद तारा सुमारे पाऊण सूर्याएवढा ठरतो.

ग्रहण सुमारे दहा तास चालते, यावरून आकारही कळतो. तेवढ्या वेळात मंद तारा तेजस्वी ताऱ्याच्या सापेक्ष ८० ते ८५ लाख किलोमीटर सरकतो. ग्रहण मधोमध लागते असे धरले तर हे अंतर दोन्ही ताऱ्यांच्या व्यासांच्या बेरजेएवढे असते. याचा अर्थ दोघांच्या त्रिज्यांची बेरीज सूर्याच्या त्रिज्येच्या सुमारे सहापट आहे. प्रत्यक्षात तेजस्वी ताऱ्याची त्रिज्या सूर्याच्या पावणेतीनपट आणि मंद ताऱ्याची साडेतीनपट आहे.

एकट्या ताऱ्याचे वजन करण्याचा असा सरळ मार्ग नाही. वजन कळते ते त्याने दुसऱ्याला किती जोराने ओढले यावरून. म्हणून ताऱ्यांच्या वस्तुमानांविषयी पाठ्यपुस्तकांत जे काही दिलेले असते, त्याचा मुख्य पाया असे युग्मतारेच आहेत.

न जुळणारे वय

वजने हाती आली आणि एक मोठी पंचाईत उभी राहिली.

तारा आपल्या गाभ्यातील हायड्रोजनचे हेलियममध्ये रूपांतर करून तेज देतो. जड ताऱ्याजवळ इंधन जास्त असते, पण तो ते फार उधळपट्टीने जाळतो. त्यामुळे जड तारा लवकर म्हातारा होतो आणि हलका तारा पुष्कळ काळ टिकतो. सूर्याचे आयुष्य सुमारे १,००० कोटी वर्षे धरले, तर सव्वातीन सूर्यांएवढ्या ताऱ्याच्या गाभ्यातील हायड्रोजन ५० कोटी वर्षांच्या आसपास संपेल. पाऊण सूर्याएवढ्या ताऱ्याला मात्र त्यासाठी २,००० कोटी वर्षे लागतील. विश्वाचे आजचे वयच सुमारे १,३८० कोटी वर्षे आहे.

जोडीतले दोन तारे एकाच वेळी जन्मलेले असतात. तेव्हा अल्गोलच्या जोडीत आधी म्हातारा व्हायला हवा तो जड तारा. प्रत्यक्षात आहे ते नेमके उलटे. जड तारा अजून ऐन उमेदीत आहे. हलका तारा मात्र गाभ्यातील हायड्रोजन संपवून फुगला आणि थंड झाला आहे. जे म्हातारपण यायला विश्वाचे वयही पुरणार नाही, ते त्याला आधीच आलेले आहे! याला अल्गोलचा विरोधाभास म्हणतात. एक तर ताऱ्यांच्या आयुष्याविषयीचा सिद्धांत चुकीचा होता, नाही तर अल्गोलच्या भूतकाळातले काहीतरी आपल्याला ठाऊक नव्हते.

जॉन क्रॉफर्ड यांनी १९५५ साली या कोड्याचे उत्तर सुचवले. आज जो हलका आहे, तो मुळात जड होता. तो फुगू लागला आणि त्याने आपले बरेचसे द्रव्य जोडीदाराला देऊन टाकले.

हे कसे घडते ते समजण्यासाठी डोंगराळ भागातील दोन शेजारशेजारच्या दऱ्या डोळ्यांपुढे आणा. त्यांच्यामध्ये एक खिंड आहे. एका दरीत पाणी साठत गेले आणि पातळी खिंडीपर्यंत आली की पुढचे पाणी त्या दरीत राहत नाही. ते खिंडीतून पलीकडच्या दरीत उतरू लागते. जवळच्या दोन ताऱ्यांभोवती गुरुत्वाकर्षणाच्या अशाच दोन दऱ्या असतात. एदुआर रोश या फ्रेंच गणितज्ञाच्या नावावरून त्यांच्या सीमेला रोश-क्षेत्राची सीमा म्हणतात. तारा फुगून या सीमेला टेकला की त्याचे द्रव्य मधल्या खिंडीतून जोडीदारावर ओतले जाऊ लागते. थोड्याच काळात वजनांची उलथापालथ होते. थोरला हलका होतो आणि धाकटा जड होतो. म्हातारपणाच्या खुणा मात्र थोरल्याच्याच अंगावर राहतात.

१९६० नंतरच्या दशकात संगणकांवर अशा जोड्यांची सविस्तर गणिते झाली आणि हे स्पष्टीकरण पक्के झाले. अल्गोलचा मंद तारा आजही आपले रोश-क्षेत्र भरून बसलेला आहे आणि त्याच्यावरून द्रव्याची बारीक धार जोडीदाराकडे वाहत आहे. सिद्धांत तरला, पण त्यात एका नव्या प्रकरणाची भर पडली. जोडीने राहणाऱ्या ताऱ्यांचे आयुष्य एकट्या ताऱ्यासारखे नसते, हे ते प्रकरण. या कुटुंबात एक तिसरा ताराही आहे. तो या जोडीभोवती ६८० दिवसांत एक फेरी पूर्ण करतो.

इतर रूपविकारी तारे

सर्वच रूपविकारी ताऱ्यांना ग्रहणे लागत नाहीत. तिमिंगल समूहातील मीरा हा तारा सुमारे ३३२ दिवसांत तिसऱ्या प्रतीपासून नवव्या प्रतीपर्यंत मंद होऊन पुन्हा उजळतो. डाविट फाब्रिसियस याने तो १५९६ साली प्रथम नोंदला. मीराचे तेज बदलते ते त्याच्या स्वतःच्या फुगण्या-आकसण्यामुळे. गुडरिकने शोधलेला वृषपर्वातील डेल्टाही असाच स्पंदन पावणारा तारा आहे. त्याचा आवर्तकाल ५ दिवस ९ तास आहे. त्याचा प्रकाश-आलेख पाहिला तर तेज झपाट्याने चढते आणि सावकाश उतरते. ग्रहणाचा खड्डा दोन्ही बाजूंनी सारखा असतो. केवळ आलेखाच्या आकारावरून कारण ओळखता येते, ते असे.

या जातीच्या ताऱ्यांना सेफीड म्हणतात. हेन्रिएटा लेव्हिट यांनी १९१२ साली लहान मॅगेलनी मेघातील २५ सेफीड ताऱ्यांवरून दाखवले, की ज्याचा आवर्तकाल मोठा तो तारा मुळात अधिक तेजस्वी. म्हणजे आवर्तकाल मोजला की खरे तेज कळते, आणि ते दिसणाऱ्या तेजाशी ताडून पाहिले की अंतर कळते. १९२३ साली एडविन हबल यांना देवयानीच्या तेजोमेघात असा एक तारा सापडला आणि तो तेजोमेघ आपल्या आकाशगंगेबाहेरची स्वतंत्र दीर्घिका असल्याचे ठरले. लेव्हिट यांनाही ऐकू येत नसे.

ग्रहणकारी ताऱ्यांतही विविधता आहे. स्वरमंडळातील बीटा या जोडीतले तारे इतके जवळ आहेत की एकमेकांच्या ओढीने ते अंड्यासारखे लांबट झाले आहेत. त्यामुळे त्यांचे तेज अखंड बदलत राहते. सारथी समूहातील एप्सिलॉन या ताऱ्याला २७ वर्षांतून एकदा ग्रहण लागते आणि ते दोन वर्षे चालते. मागचे ग्रहण २००९ ते २०११ मध्ये झाले. पुढचे २०३६ मध्ये सुरू होईल. आज आठवी-नववीत असलेली मुले ते पाहू शकतील.

गुडरिकने वापरलेले तत्त्वच पुढे परग्रहांच्या शोधाला उपयोगी पडले. ताऱ्यासमोरून ग्रह गेला तर ताऱ्याचे तेज एक टक्का किंवा त्याहूनही कमी घटते. १९९९ साली असा खड्डा प्रथम मोजला गेला, आणि २००९ ते २०१८ या काळात केप्लर दुर्बिणीने या पद्धतीने हजारो ग्रह शोधले. गाया या अंतराळयानाच्या निरीक्षणांतून २०२२ साली जी यादी निघाली तिच्यात सुमारे २२ लाख संभाव्य ग्रहणकारी युग्मतारे आहेत.

शाळेच्या गच्चीवरून

महाराष्ट्रातून अल्गोल उत्तर आकाशात चांगला उंच येतो. डिसेंबरच्या उत्तरार्धात रात्री साडेनऊच्या सुमारास तो सर्वांत उंच असतो. शर्मिष्ठा आणि कृत्तिका यांच्या मधल्या भागात ययाती समूह आहे. त्यातला सर्वांत ठळक तारा आधी ओळखावा. मग त्याच्या आणि कृत्तिकेच्या पश्चिमेला थोडे सरकले की अल्गोल सापडतो. तारानकाशा सोबत असावाच.

निरीक्षणाची पद्धत गुडरिकचीच. तुलनेसाठी पुढील तारे घ्यावेत. देवयानीतील गॅमा (प्रत २.१), ययातीतील एप्सिलॉन (२.९), त्रिकोण समूहातील बीटा (३.०) आणि अल्फा (३.४). प्रतीचा आकडा जितका मोठा तितका तारा मंद, हे मुलांना आठवण करून द्यावे. अल्गोल एरवी देवयानीतील गॅमाइतका दिसतो. ग्रहणाच्या मध्यावर तो त्रिकोणातील अल्फाइतका मंद होतो. तो २.१ आणि २.९ यांच्या बरोबर मध्ये वाटला तर २.५ लिहावे. अल्गोलच्या अगदी जवळचा ययातीतील ऱ्हो हा तारा तुलनेला घेऊ नये. तो स्वतःच रूपविकारी आहे. क्षितिजालगतचे तारे हवेमुळे मंद दिसतात, म्हणून तुलनेचे तारेही पुरेसे उंच असताना नोंद करावी. नोंदीत तारीख, वेळ आणि निरीक्षकाचे नाव असावे. प्रत्येकाने आपला अंदाज दुसऱ्याला न विचारता लिहावा, हे फार महत्त्वाचे.

कोणत्याही वेळी पाहिले तर ग्रहण चालू असण्याची शक्यता सातात एक असते. मध्याच्या आधीचे आणि नंतरचे दोन-दोन तास फरक ठळक जाणवतो. तेव्हा धीर धरावा लागतो. एकदा मध्याची वेळ सापडली की पुढचे काम सोपे आहे. बरोबर तीन दिवसांनी ग्रहण ३ तास ११ मिनिटे अगोदर येते. आज रात्री ११ वाजता मध्य असेल, तर तीन दिवसांनी तो ७ वाजून ४९ मिनिटांनी असेल.

आता एक सुंदर गणित. पंधरा आवर्तने म्हणजे ४३ दिवस आणि सुमारे पाव तास. म्हणजे ४३ दिवसांनी ग्रहण जवळजवळ त्याच घटकेला पुन्हा दिसते. डोळ्यांनी मध्याची वेळ ठरवताना वीस मिनिटांची चूक सहज होते. लागोपाठच्या दोन ग्रहणांवरून आवर्तकाल काढला तर दोन्ही चुका मिळून तो चाळीस मिनिटांनी चुकू शकेल. पण ४३ दिवसांच्या अंतराने दोन मध्य नोंदले आणि मधल्या काळाला १५ ने भागले, तर तीच चाळीस मिनिटे पंधरा आवर्तनांत वाटली जातात आणि चूक तीन मिनिटांच्या आत येते. लंबकाचा आवर्तकाल काढताना आपण वीस आंदोलने का मोजतो, ते मुलांना येथे नेमके उमगते.

आपल्या देशातही रूपविकारी ताऱ्यांच्या निरीक्षणाची परंपरा आहे. तेजाची आजची प्रत-पद्धती १८५६ साली मांडणारे नॉर्मन पॉग्सन पुढे मद्रास वेधशाळेचे प्रमुख होते. त्याच वेधशाळेतील चिंतामणी रघुनाथाचारी यांनी १८६७ साली एक नवा रूपविकारी तारा शोधला. जेसोरचे राधागोविंद चंद्र सरकारी खजिन्यात नोकरी करीत आणि रात्री तारे पाहत. रूपविकारी ताऱ्यांची त्यांची हजारो निरीक्षणे अमेरिकेतील निरीक्षकांच्या संस्थेने स्वीकारली आणि त्यांच्या कामासाठी तिकडून त्यांना एक दुर्बीण पाठवली. १९११ साली स्थापन झालेली ती संस्था आजही जगभरच्या हौशी निरीक्षकांच्या नोंदी घेते. मोठ्या दुर्बिणींना एकाच ताऱ्याकडे वर्षानुवर्षे पाहत राहण्याइतका वेळ नसतो. म्हणून अशा नोंदींना आजही किंमत आहे.

येत्या हिवाळ्यात शाळेत एक वही या कामासाठी घालावी. पाचसात विद्यार्थ्यांनी नोव्हेंबर ते फेब्रुवारी या काळात, हवा निरभ्र असेल तेव्हा, संध्याकाळी एक आणि झोपण्यापूर्वी एक अशा दोन नोंदी कराव्यात. फेब्रुवारीअखेर सर्वांच्या नोंदी एका आलेखावर मांडल्या आणि २ दिवस २० तास ४९ मिनिटे या आवर्तकालाने त्यांची घडी घातली, म्हणजे प्रत्येक नोंद मागच्या ग्रहणमध्यानंतर किती तासांनी झाली त्या जागी ठेवली, तर विखुरलेल्या ठिपक्यांतून ग्रहणाचा खड्डा वर येईल. तो किती स्वच्छ येतो हे नोंदींच्या प्रामाणिकपणावर अवलंबून राहील. न जुळणारे ठिपके कोणी खोडू नयेत. ते का जुळले नाहीत, याची चर्चा वर्गात करावी.